डोळ्याचा दाब उतरतो तेव्हा

‘दाब’ हा शब्द ऐकला की आपल्याला तो वाढण्याचीच धास्ती वाटते. रक्तदाब वाढला, डोळ्याचा दाब वाढला, की घरात चर्चा सुरू होते. उलट डॉक्टरांनी ‘डोळ्याचा दाब कमी आहे’ असे सांगितले, तर नातेवाईक म्हणतात, ‘चला, बरे झाले!’ ही समजूत धोक्याची आहे. वाढलेल्या दाबाने दृष्टी जाते, तशीच फार उतरलेल्या दाबानेही जाते. या विकाराला वैद्यकीय भाषेत ‘हायपोटोनी’ म्हणतात. रुग्णालयातून घरी सोडताना मिळणाऱ्या कार्डावर तो पुष्कळदा नुसत्या ‘एच ४४.४’ एवढ्याच खुणेने लिहिलेला असतो. ही खूण काय सांगते आणि काय सांगत नाही, ते आज पाहू.

डोळ्यात दाब कशाचा?

डोळा हा पाणी भरलेल्या चेंडूसारखा असतो. बुबुळाच्या मागे असलेली एक स्नायुमय कडा सतत पाण्यासारखा पातळ द्रव तयार करते. हा द्रव म्हणजे अश्रू नव्हेत. अश्रू डोळ्याच्या बाहेर असतात, हा द्रव आत असतो. मिनिटाला साधारण दोन-तीन मायक्रोलिटर, म्हणजे थेंबाचा एक लहानसा अंश, इतकाच तो तयार होतो आणि बुबुळाच्या कडेच्या बारीक जाळीतून निचरून रक्तात मिसळतो. आवक आणि जावक यांचा मेळ बसला की दाब १० ते २१ मिलिमीटर पाऱ्याइतका राहतो.

निचरा तुंबला की दाब बहुधा वाढतो आणि काचबिंदू होऊ शकतो. याउलट द्रव गळू लागला किंवा तयार होणेच मंदावले, की दाब उतरतो. तो ५-६ मिलिमीटरच्या खाली गेला की डोळ्याचा ताठपणा जातो. हवा कमी झालेल्या सायकलच्या ट्यूबवर सुरकुत्या पडतात, तशा आतल्या पडद्यावर घड्या पडतात आणि समोरचे अंधुक, वेडेवाकडे दिसू लागते. गंमत अशी की डोळा फारसा दुखतोच असे नाही. म्हणूनच रुग्ण ‘बघू चार दिवसांनी’ म्हणत घरी बसतो.

एच ४४.४ म्हणजे काय?

हे कोड म्हणजे अंगावर उठणारे कोड नव्हे! जगभरच्या डॉक्टरांना एकमेकांची निदाने कळावीत आणि रोगांची मोजदाद करता यावी म्हणून प्रत्येक आजाराला एक संकेतांक दिलेला आहे. या यादीचे मूळ झाक बर्तियाँ या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने १८९३ मध्ये मांडलेल्या मृत्यूच्या कारणांच्या यादीत आहे. १९४८ पासून ती जागतिक आरोग्य संघटनेकडे आली. तिची अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली असली, तरी आपल्याकडच्या कागदांवर बहुधा दहावीच आवृत्ती, म्हणजे आयसीडी-१०, दिसते. विम्याच्या दाव्याच्या अर्जात रुग्णालयाने भरायच्या भागातही या संकेतांकाची जागा असते.

या यादीत एच ०० ते एच ५९ हे आकडे डोळ्यांसाठी आहेत. एच ४० म्हणजे काचबिंदू. एच ४४ म्हणजे नेत्रगोलाचे विकार, आणि त्यातला टिंबानंतरचा ४ म्हणजे उतरलेला दाब. एच ४० आणि एच ४४.४ यांची गल्लत झाली, तर दाब उतरलेल्या डोळ्याला वाढलेल्या दाबाचे नाव मिळते. विम्याचा दावा अडकतो ते वेगळेच, पण पुढच्या गावचा डॉक्टर त्या कागदावर विसंबला तर दाब आणखी उतरवणारे थेंब लिहून देऊ शकतो.

आकडा कारण सांगत नाही

ताप हे जसे लक्षण, तसाच उतरलेला दाबही. त्यामागचे कारण शोधावे लागते. अमेरिकेत याच आकड्याचे पोटभाग पाडलेले आहेत : डोळ्याचा पुढचा कप्पा चपटा झाल्यामुळे, छिद्रातून द्रव गळत असल्यामुळे, डोळ्याच्या अन्य विकारामुळे, आणि ज्याचे वेगळे कारण सापडत नाही असा. शिवाय उजवा डोळा की डावा, हेही तिथे आकड्यातच कळते. जागतिक संघटनेच्या मूळ दहाव्या यादीत मात्र नुसते एच ४४.४ असते. कोणता डोळा आणि कशामुळे, हे शब्दांत लिहिलेच पाहिजे.

कारणे मुख्यतः अशी :

१) काचबिंदूची शस्त्रक्रिया. यात निचऱ्यासाठी नवी वाट करून देतात. ती प्रमाणापेक्षा मोकळी झाली किंवा टाक्यातून गळती लागली, की दाब फार उतरतो.

२) इजा. काटा, तार, घणाचा घाव घालताना उडालेली लोखंडाची कपची यांनी डोळ्याला भोक पडते. विटी किंवा चेंडूच्या मुक्या माराने बाहेर जखम न दिसताही आतली कडा फाटते. भोक पाडणाऱ्या इजेला एस ०५ या गटातला स्वतंत्र आकडा आहे. तोही कार्डावर हवा.

३) डोळ्याच्या आतली जुनाट सूज आणि पडदा सरकणे.

४) दोन्ही डोळे एकदम मऊ पडले, तर दुखणे बहुधा डोळ्यांचे नसते. जुलाब-उलट्यांनी शरीर सुकले असेल किंवा मधुमेह विकोपाला जाऊन शुद्ध हरपत असेल, तर असे होते. अशा वेळी डोळ्यांच्या नव्हे, थेट मोठ्या दवाखान्याची वाट धरावी.

शेजारचा आकडा

एच ४४.४ च्या शेजारीच एच ४४.५ आहे. दाब बराच काळ उतरलेला राहिला की डोळा आक्रसून लहान होतो. तो याच आकड्यात येतो. आणि काचबिंदूकडे दुर्लक्ष झाल्याने पूर्ण आंधळा झालेला डोळाही याच आकड्यात येतो. दाब वाढून गेला काय किंवा उतरून गेला काय, शेवटी दोघांचे घर एकच. ४ वरून ५ वर जाऊ न देणे, यासाठीच सारा खटाटोप. गळती वेळीच बंद केली किंवा सूज आटोक्यात आणली, तर दाब सावरतो आणि बऱ्याच जणांची दृष्टीही परत येते. उपचार नेत्रतज्ज्ञच ठरवतील. कधी नुसते थेंब आणि पट्टी पुरते, कधी पुन्हा टाके घालावे लागतात.

हे लक्षात ठेवा

* काचबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतर जुने थेंब कोणत्या डोळ्यात चालू ठेवायचे आणि कोणत्या डोळ्यात बंद करायचे, हे कागदावर लिहून घ्या. मनाने थेंब घालू नका.

* शस्त्रक्रियेनंतर दिसणे अचानक अंधुक झाले किंवा डोळ्यातून सारखे पाणी येऊ लागले, तर तारखेची वाट पाहू नका, त्याच दिवशी दाखवा. डोळा चोळू नका, जड उचलू नका, कुंथू नका.

* डोळ्यात काही घुसले असेल तर ते उपटू नका, डोळा धुऊ नका, दाबू नका. दूध, मध, तूप काही घालू नका. डोळ्यावर कागदी पेल्याचे झाकण ठेवून, पोटात काही न घेता तडक नेत्ररुग्णालय गाठा. (चुना किंवा आम्ल उडाले असेल तर मात्र उलट. जागच्या जागी भरपूर पाण्याने डोळा धुवा आणि मगच निघा.)

* ‘मऊ लागतोय का’ म्हणून बोटाने डोळा दाबून पाहू नका. दाब मोजायला यंत्र आहे.

* कार्ड हातात पडताच तीन गोष्टी वाचा : आजाराचे नाव शब्दांत आहे का, उजवा-डावा लिहिले आहे का, कारण लिहिले आहे का. नसेल तर तिथेच विनंती करून लिहून घ्या. त्यात डॉक्टरांचा अपमान नाही. दर खेपेला मोजलेल्या दाबाचा आकडाही तारखेसह मागून घ्या आणि कागद जपून ठेवा.

रक्तदाबाचे आकडे आपण आता तोंडपाठ सांगतो. काचबिंदू असलेल्या घरात डोळ्याच्या दाबाचाही आकडा ठाऊक असावा, आणि तो खालच्या बाजूनेही चुकू शकतो हे ध्यानात असावे.