सार्त्रची ‘बांधिलकी’ आणि दलित कविता

मराठी समीक्षेत ‘बांधिलकी’ हा शब्द आला की ज्याँ-पॉल सार्त्र (१९०५-१९८०) या फ्रेंच तत्त्वचिंतकाचे नाव ओघाने येते. उपनगरांतील आमच्या पदव्युत्तर वर्गांतही ‘सार्त्रच्या मते साहित्यिकाने बांधिलकी मानली पाहिजे’ असे विधान करून विद्यार्थी थेट नामदेव ढसाळांच्या ‘गोलपिठा’कडे (१९७२) वळतात. या दोहोंमधील एक पायरी गाळली जाते. तिचा विचार प्रस्तुत टिपणात करावयाचा आहे.

‘अस्तित्व आणि शून्यता’ (१९४३) या ग्रंथात सार्त्रने माणसाला निवड टाळता येत नाही, अशी भूमिका मांडली. जर्मनव्याप्त फ्रान्सच्या अनुभवानंतर तीच त्याने ‘साहित्य म्हणजे काय?’ (१९४७) या लेखमालेत लेखनाला लावली. लेखकाचे मौनही एक निवडच ठरते. परंतु याच लेखमालेत त्याने कवितेला बांधिलकीतून वगळले आहे. गद्यलेखक शब्द चिन्ह म्हणून वापरतो. कवीला मात्र शब्द हीच वस्तू असते, जसा चित्रकाराला रंग. म्हणून कवीकडे बांधिलकीची मागणी करता येत नाही, असे तो म्हणतो. एवढाच आधार घेतला, तर ‘गोलपिठा’ सार्त्रच्या चौकटीबाहेरच राहतो.

येथे १९४८ मधील ‘काळा ऑर्फियस’ हा निबंध विचारात घ्यावयास हवा. लेओपोल्ड सेंघोर यांनी संपादित केलेल्या कृष्णवर्णीय कवींच्या संग्रहाची ही प्रस्तावना. वसाहतकर्त्याच्या भाषेतच गोऱ्यांचे श्रेष्ठत्व मुरलेले असल्यामुळे कृष्णवर्णीय कवीला ती मोडूनच बोलावे लागते. म्हणून त्याची कविता ही त्या काळातील खरी क्रांतिकारी कविता होय, असे सार्त्र येथे म्हणतो. म्हणजे जे कारण कवितेला सूट देण्याचे होते, तेच आता तिच्या सामर्थ्याचे ठरते.

दलित कवितेशी नाते जुळते ते या निबंधाचे. मात्र एक भेद आहे. ढसाळांना परकी असलेली भाषा मराठी नव्हे, तर मराठीची प्रमाणता होय. कामाठीपुऱ्याच्या परिसरातील बोली कवितेत आणताना ते परभाषा मोडत नाहीत. आपल्याच भाषेवरील मोजक्यांची मालकी नाकारतात.

सार्त्रची मर्यादाही ध्यानात ठेवावी. त्याने कृष्णवर्णीयांची अस्मिता ही वर्णविहीन समाजाकडे जाणारी एक संक्रमणावस्था मानली. १९५२ मध्ये फ्रांत्झ फॅननने यावर तीव्र आक्षेप घेतला: ज्याला नुकताच आपला स्वर सापडला आहे, त्याला तो तात्पुरता आहे असे सांगणे अन्यायाचे आहे. मराठी वाचकाला हा वाद अपरिचित नाही. १९७४ मध्ये राजा ढाले आणि ढसाळ यांच्यात दलित पँथर दुभंगली, त्यामागेही आंबेडकरी-बौद्ध भूमिका आणि डावी वर्गीय भूमिका यांचाच संघर्ष होता.

तात्पर्य, सार्त्रचे नाव घेऊन दलित कवितेला प्रतिष्ठा मिळवून देण्याची गरज नाही. सार्त्र वाचावा तो एका विचारवंताने वर्षभरातच, कवितेच्या दबावाखाली, आपला सिद्धांत कसा बदलला हे पाहण्यासाठी. असा दबाव ‘गोलपिठा’ने मराठी काव्यविचारावर कोठे आणला, याचा शोध अभ्यासकांनी घ्यावयास हवा.