किनाऱ्यावरील एक दिवसाची मार्गदर्शित सहल : नंदुरबार जिल्ह्यासाठी एक अभ्यास-पाठ

शेतमालास बाजारात जो भाव मिळतो त्यात मालाची किंमत येते. परंतु तो माल पिकविण्यामागील ज्ञान, श्रम आणि त्या भूमीची चव यांचे मोल बहुधा हिशेबात धरले जात नाही. शहरातील माणसास गावी आणून, त्यास शेतातून व पाण्याच्या काठाने पायी हिंडवून, तेथील पदार्थांची चव देऊन सायंकाळी परत पाठविणे हा हे मोल मिळविण्याचा एक मार्ग आहे. त्यास कृषि-पर्यटन असे नाव पडले असून महाराष्ट्र शासनाने 2020 साली त्यासंबंधीचे धोरण जाहीर केले आहे.

नंदुरबार जिल्ह्यास समुद्र नाही. पण काठ आहेत. दक्षिणेकडील सपाट प्रदेशातून तापी वाहते, तर उत्तरेस अक्राणी व अक्कलकुवा तालुक्यांच्या सीमेवर नर्मदा आहे. या काठांवर अशी सहल आखावयाची असेल, तर जेथे ती चांगली आखता येते असा एखादा समुद्रकिनारा आधी अभ्यासाच्या दृष्टीने पाहणे हितावह ठरेल. पालघर जिल्ह्यातील घोलवड-बोर्डी हा परिसर त्या दृष्टीने सोयीचा आहे. नंदुरबारहून ताप्ती खोऱ्याच्या रेल्वेने सुरतेकडे जाऊन तेथून मुंबईच्या मार्गावर घोलवड अथवा डहाणू रोड स्थानक गाठता येते. आदल्या सायंकाळी पोहोचून दुसरा सबंध दिवस पाहणीस द्यावा.

भरती-ओहोटीप्रमाणे वेळापत्रक

समुद्रकाठच्या सहलीचे वेळापत्रक घड्याळ ठरवीत नाही. ते समुद्र ठरवितो. भरती दिवसातून दोनदा येते आणि तिची वेळ रोज सुमारे पाऊण तासाने पुढे सरकते. कोकणातील मच्छीमार यासाठी एक सोपा ठोकताळा वापरतात : चालू पक्षातील तिथीची पाऊणपट करावी, म्हणजे पूर्ण भरतीची अंदाजे वेळ मिळते. चतुर्थीस चार गुणिले पाऊण म्हणजे तीन वाजता भरती; तिच्या सुमारे सहा तास आधी, म्हणजे सकाळी नऊच्या सुमारास ओहोटी. अष्टमीस भरती सहा वाजता, तर ओहोटी ऐन दुपारी बाराला. बोर्डीचा किनारा उथळ उताराचा असल्याने ओहोटीस पाणी फार दूर जाते व वाळूवरून निर्धास्त चालता येते. म्हणून सकाळच्या फेरीस चतुर्थी-पंचमीच्या आसपासचा दिवस सोयीचा, तर अष्टमीचा दिवस उन्हामुळे गैरसोयीचा होय. पौर्णिमा व अमावास्येच्या सुमारास उधाण असते, त्या दिवशी अधिक सावधगिरी हवी. हा ठोकताळा अंदाजापुरता आहे. प्रत्यक्ष सहलीच्या दिवशी भरतीचे छापील कोष्टक पाहून व स्थानिक मच्छीमारांस विचारूनच पाऊल टाकावे.

महिन्याची निवडही अशीच विचारपूर्वक करावी. पश्चिम किनाऱ्यावर 1 जून ते 31 जुलै या काळात यांत्रिक नौकांच्या मासेमारीस बंदी असते. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ हवा, बागा व मासळी या तिन्ही दृष्टींनी योग्य.

बागेतील फेरी व पहिली चव

भारतातील चिकूच्या लागवडीस 1898 साली घोलवड येथे आरंभ झाला असे सांगितले जाते. चिकू मूळचा मध्य अमेरिकेतील. परंतु आज ‘डहाणू घोलवड चिकू’ या नावास 2016 पासून भौगोलिक मानांकनाचे संरक्षण आहे. येथे मुख्यत्वे कालीपत्ती ही जात दिसते. तेथील गोडीचे श्रेय जमिनीतील चुन्याच्या अंशास देण्यात येते.

चिकूच्या बागेत पाहुण्याचा पहिला हट्ट असतो तो झाडावरचे फळ तोडून खाण्याचा. जाणता वाटाड्या तो हट्ट पुरवीत नाही. झाडावरील फळात चीक असतो. तोडल्यानंतर साधारण चार ते सात दिवसांनी ते पिकते. तयार फळ ओळखण्यासाठी सालीवर नखाने हलकेच ओरखडा काढतात. खाली हिरवा रंग दिसल्यास फळ कच्चे, पिवळसर दिसल्यास काढणीस योग्य. एवढे दाखवून मग वाटाड्या आधीच पिकवून ठेवलेली फळे कापून देतो, आणि शेवटी वाळविलेल्या फोडी हातावर ठेवतो. एकाच फळाच्या या तीन अवस्था पाहिल्यावर पाहुण्यास प्रतवारी, पिकवण व प्रक्रिया यांचे महत्त्व वेगळे सांगावे लागत नाही. दाखवावयाचे आधी आणि चाखावयास द्यावयाचे नंतर, हा क्रम ध्यानी ठेवण्यासारखा आहे.

ज्यांना बागेच्या शास्त्रीय बाजूविषयी अधिक जाणून घ्यावयाचे असेल त्यांनी जवळच्या कोसबाड येथील कृषि विज्ञान केंद्रास पूर्वसूचना देऊन भेट द्यावी.

मच्छीमार वस्ती व वलांडी

डहाणू भागातील मच्छीमार वस्त्यांत बोंबील सुकविण्याच्या वलांड्या दिसतात. खांब रोवून त्यांवर आडवे बांबू अथवा दोर ताणतात आणि बोंबील जोडीजोडीने, जबड्यात जबडा अडकवून, त्यांवर टांगतात. मासळी जमिनीपासून उंच राहिल्याने वारा सर्व बाजूंनी लागतो, वाळू चिकटत नाही व माल लवकर सुकतो.

नंदुरबारच्या शेतकऱ्याने या ठिकाणी अंमळ थांबून विचार करावा. आपल्या जिल्ह्यात ओली लाल मिरची पथाऱ्यांवर, म्हणजे मोकळ्या जमिनीवर पसरून वाळविण्यात येते; सातपुड्यात आमचुराच्या फोडी कित्येकदा उघड्या खडकावर घालतात. जमिनीची ओल, धूळ व अवेळी पाऊस यांमुळे मालाचा रंग जातो. मिरचीत बुरशी वाढल्यास अफ्लाटॉक्सिन हे विष तयार होण्याचा धोका असतो व असा माल परदेशी बाजारात नाकारला जातो. बोंबील सुकविणाऱ्या कुटुंबांनी जो उपाय बांबू व दोर एवढ्याच साधनांनी साधला, त्याच तत्त्वावर उंच माचाण, ताणलेली जाळी किंवा निदान स्वच्छ ताडपत्री यांचा वापर आपल्याकडेही करता येईल. सहलीतून पाहुण्याचे मनोरंजन होते आणि शेतकऱ्यास शिक्षण मिळते ते असे.

वस्तीतून जाताना काही पथ्ये पाळावी. घरात डोकावू नये. परवानगीवाचून छायाचित्र काढू नये. वारली घरांच्या भिंतींवरील चित्रांबाबतही हाच नियम आहे. जो पदार्थ चाखला त्याचे पैसे तो रांधणाऱ्या स्त्रीच्या हाती मिळतात किंवा कसे, याची चौकशी करावी. वाटाडे बाहेरचे आणि भोजन शहरातील उपाहारगृहाचे असेल, तर गावाच्या वाट्यास केवळ कचरा येतो.

आपल्या काठावर काय दाखविता येईल ?

तापीकाठी शहादे तालुक्यातील प्रकाशे हे गाव गोमाईच्या संगमावर वसले असून ‘दक्षिण काशी’ म्हणून प्रसिद्ध आहे. 1955 साली येथे झालेल्या उत्खननात ताम्रपाषाण काळापासूनच्या वस्तीचे थर आढळले. याचा अर्थ असा की या काठावर माणसे हजारो वर्षे शेती करीत आली आहेत. मार्गशीर्षात दत्तजयंतीस सारंगखेडे येथे घोड्यांचा मोठा बाजार भरतो. त्या सुमारास मिरचीचा हंगामही चालू असतो. सकाळी संगम, मग काठावरील पिके व मिरचीची पथारी, दुपारी कळण्याची भाकरी, वांग्याचे भरीत व ताज्या मिरचीचा ठेचा, असा एक दिवस सहज आखता येईल.

नवापूर भागातील तूरडाळीस 2016 साली भौगोलिक मानांकन मिळाले आहे. तिचे साधे वरण, बाजारातील दुसऱ्या डाळीच्या वरणाशेजारी ठेवून चाखावयास द्यावे. दोन वाट्या शेजारी असल्या की पाहुण्यास फरक कळतो. नुसत्या वर्णनाने कळत नाही.

सातपुड्यात मार्च-एप्रिलमध्ये मोहाची फुले पहाटे गळतात. ती वेचताना पाहावयाची तर पाहुण्याने सूर्योदयापूर्वी झाडाखाली असावयास हवे. येथील भरती-ओहोटी हीच समजावी. त्यानंतर कैरीच्या दिवसांत धडगाव, मोलगी भागात आमचूर तयार होतो. मक्याची भाकरी, बर्टी, मोर, भादी यांसारख्या बारीक धान्यांचे पदार्थ, अंबाडीची भाजी, भाजलेली मोहफुले हे सर्व चवीच्या ताटात शोभण्यासारखे आहे. ‘हे गरिबाचे खाणे’ म्हणून यजमानच ते लपवितात आणि पाहुण्यास शहरी भाजी व पुरी वाढतात. ही संकोचाची वृत्ती प्रथम सोडावी. मोहाची दारू मात्र चवीच्या यादीत कदापि असू नये. तिला परवान्याचे कायदे लागू आहेत.

नर्मदाकाठाविषयी विशेष विवेक हवा. सरदार सरोवराच्या पाण्यामुळे या जिल्ह्यातील 33 गावे बाधित झाली. ज्या पाण्याखाली कोणाचे शेत व घर गेले, ते पाणी केवळ देखावा म्हणून दाखविणे अनुचित होय. तेथे सहल नेणे न नेणे हे त्या गावच्या ग्रामसभेनेच ठरवावे. अक्राणी व अक्कलकुवा हे तालुके अनुसूचित क्षेत्रात असून 1996 च्या पेसा कायद्याने ग्रामसभेस विशेष अधिकार दिले आहेत. वाटाड्याही त्याच गावचा असावा. तो सांगेल ती हकीकत पाहुण्यांनी शांतपणे ऐकावी. न सांगितल्यास आग्रह करू नये.

हिशेब

सहल सुरू करण्यापूर्वी कागदावर हिशेब मांडावा. पुढील आकडे केवळ उदाहरणादाखल मानलेले आहेत. आपापल्या गावच्या दरांप्रमाणे ते बदलून घ्यावेत.

20 पाहुणे, प्रत्येकी 400 रुपये : जमा 8,000 रुपये.
भोजन व चवीचे साहित्य, प्रत्येकी 110 रुपये : 2,200 रुपये.
स्वयंपाक करणाऱ्या 3 स्त्रियांची मजुरी : 1,500 रुपये.
2 वाटाड्यांची मजुरी : 1,200 रुपये.
स्थानिक वाहन : 1,500 रुपये.
पाणी, प्रथमोपचार व स्वच्छता : 400 रुपये.
एकूण खर्च 6,800 रुपये. शिल्लक 1,200 रुपये.

शिल्लक थोडी दिसते. परंतु मजुरीचे 2,700 रुपये गावातच राहतात आणि साहित्य गावातून घेतल्यास आणखी 2,200 रुपये गावात राहतात. याउलट दहाच पाहुणे आले तर जमा 4,000 रुपये होईल. साहित्याचा खर्च निम्मा केला व स्वयंपाकास दोनच स्त्रिया घेतल्या, तरी खर्च 5,200 रुपये होतो, म्हणजे 1,200 रुपये तूट येते. यास्तव किमान संख्या आधी ठरवावी आणि आगाऊ नोंदणीवाचून स्वयंपाकास हात घालू नये. कर्ज काढून खोल्या बांधण्याची घाई करू नये. एक दिवसाच्या सहलीस स्वच्छ शौचालय, पिण्याचे पाणी व झाडाची सावली एवढे आरंभी पुरेसे आहे. फेरीच्या अखेरीस तूरडाळ, मिरची वा आमचूर यांची वजनमाप केलेली, तारीख लिहिलेली पुडकी विक्रीस ठेवावीत. खरा नफा त्यातून संभवतो.

सुरक्षिततेचे नियम

1. तापीवर सारंगखेडे व प्रकाशे येथे बंधारे आहेत. पावसाळ्यात हतनूर धरणातून पाणी सोडल्यास पातळी झपाट्याने वाढते. जुलै ते ऑक्टोबर या काळात पाहुण्यांस नदीपात्रात उतरवू नये.
2. होडीत प्रत्येकास जीवरक्षक जाकीट असल्याखेरीज होडी सोडू नये.
3. एका वाटाड्यामागे दहाहून अधिक माणसे नसावीत. एक वाटाड्या पुढे व एक मागे असावा.
4. एका वेळची पायपीट दोन तासांहून अधिक नको. उन्हाळ्यात दहा वाजण्यापूर्वी ती आटोपावी.
5. कोणास कोणता पदार्थ वर्ज्य आहे हे आधी विचारावे. मासळी व शाकाहारी भोजन वेगळ्या भांड्यांत करावे.

ग्रामस्तरावरील कार्यकर्त्यांचे काम

कार्यकर्त्याने सहल स्वतः चालवू नये. गावास ती चालविता येईल असे करावे. प्रथम शेतकरी, स्वयंसहायता गटातील स्त्रिया व तरुण अशा दहा-बारा जणांस एखादा चालू किनारा दाखवून आणावा. परतल्यावर आपल्याच शिवारातून एक चाचणी-फेरी काढावी व शेजारच्या गावच्या मंडळींस पाहुणे म्हणून बोलवावे. त्यांनी काढलेले दोष लिहून घ्यावेत. त्यानंतर पर्यटन विभागाकडे नोंदणी व कोळदे येथील कृषि विज्ञान केंद्राकडून प्रक्रियेचे मार्गदर्शन, या क्रमाने पुढे जावे.

गटचर्चेसाठी प्रश्न

1. आपल्या गावात कोणत्या महिन्यात, दिवसाच्या कोणत्या वेळी, पाहण्याजोगे कोणते काम चालते ?
2. कोणत्या पदार्थाची चव आपल्याच गावची आहे व तो कोणाच्या हातचा उत्तम होतो ?
3. पाहुण्याने दिलेल्या शंभर रुपयांपैकी किती रुपये गावात राहतील ?
4. कोणती जागा पाहुण्यांस दाखवू नये असे गावास वाटते ?

या चारही प्रश्नांची उत्तरे ग्रामसभेत मोकळेपणाने मिळाली, तर तो गाव सहलीस तयार आहे असे समजावे.