कारखाने गेले, तरी मिठी काळीच का?

प्रश्न : माझं लहानपण कुर्ल्यात गेलं. गिरण्यांनी आणि कारखान्यांनी मिठीचं पाणी नासवलं, असं घरातली मोठी माणसं सांगायची. आता तिथे स्वदेशी मिल नाही, प्रीमियरचा मोटारींचा कारखाना नाही, धारावीतली कातडी कमावण्याची कामंही बरीचशी हलली. मग पाणी अजून काळं का? आणि नकाशात ही नदी विमानतळापाशी चक्क काटकोनात वळलेली दिसते. नदी अशी वळते का?
– एक वाचक, बदलापूर

उत्तर : घरच्या मोठ्यांनी सांगितलं ते खरं आहे, पण गोष्ट त्याच्या बरीच आधी सुरू होते. कारखान्यांची घाण मिठीत पडू लागली तोवर तिचं वरचं पाणी शहराने अडवलेलं होतं आणि समुद्राकडची वाट अरुंद केलेली होती. ही दोन्ही कामं गिरण्यांनी केलेली नव्हती. म्हणून गिरण्या गेल्याने ती उलटलीही नाहीत.

आधी उगमाकडे पाहू. 1850च्या दशकात मुंबई बेटावर पाण्याची फार ओढाताण होती. विहिरी आणि तळी पुरेनात. हेन्री कॉनिबेअर या अभियंत्याच्या योजनेनुसार बेटाच्या उत्तरेकडच्या साष्टीच्या डोंगरातली एक दरी अडवून विहार तलाव झाला आणि 1860मध्ये शहराला पहिल्यांदा नळाचं पाणी मिळालं. अडवलेला ओढा म्हणजे मिठीचा वरचा प्रवाह. विहारची क्षमता 27,698 दशलक्ष लिटर आहे. पुढे 1890च्या सुमारास दुसरी धार पवईला अडवली. ते पाणी पिण्यालायक ठरलं नाही, तेवढ्यात 1892मध्ये तानसा तलावाचं पाणी आलं आणि पवईचं पाणी कारखान्यांच्या व आरे वसाहतीच्या वापराकडे वळलं. तेव्हापासून जंगलातलं स्वच्छ पाणी मिठीत उतरतं ते मुख्यतः हे तलाव भरून वाहतात तेव्हा, म्हणजे पावसाळ्यातले काही आठवडे. कोकणपट्टीतल्या आखूड नद्या उन्हाळ्यात तशाही रोडावतात, त्यामुळे मिठी पूर्वी बारमाही दुथडी वाहायची असं मी म्हणणार नाही. पण डोंगरात मुरलेलं पाणी पावसाळा संपल्यावरही झिरपत राहतं, आणि नेमका तोच आधार धरणांनी काढून घेतला. तहानलेल्या शहराने पाणी घेतलं याला मी गुन्हा मानत नाही. त्याबदल्यात नदीसाठी थोडं पाणी राखावं असं दीडशे वर्षांत ठरलं नाही, याचं मात्र मनापासून वाईट वाटतं.

आता मुखाकडे. बेट आणि साष्टी यांच्यामध्ये खाडी होती, भरती-ओहोटीची रुंद दलदल होती. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला शीवचा बांध झाला, 1845मध्ये माहीमचा. माहीमच्या बांधासाठी जमशेटजी जीजीभॉय यांच्या पत्नी आवाबाई यांनी 1,57,000 रुपये दिले. होडीतून जीव मुठीत धरून जाणाऱ्या लोकांची सोय झाली, ती मोठीच. पण जिथे पाणी मोकळ्या पात्रातून येत-जात होतं, तिथे त्याला पुलाखालच्या कमानींपुरती जागा उरली. गाळ साचू लागला. पुढे 1977मध्ये वांद्रे-कुर्ला संकुलाचं नियोजन मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाकडे (एमएमआरडीए) आलं आणि काठची सखल, कांदळवनाची जमीन भरावाखाली गेली. कांदळवन आणि चिखल भरतीचं पाणी अंगावर घेतात, पुराचं पाणी थोपवतात. तिथे आज देशातल्या सर्वात महागड्या कार्यालयांपैकी काही आहेत.

कारखाने आले ते या दोन टोकांच्या मधल्या पट्ट्यात. जमशेटजी टाटांनी 1886मध्ये कुर्ल्याची धरमसी मिल विकत घेऊन तिची स्वदेशी मिल केली. त्याच सुमारास दुर्गंधीचे धंदे शहराबाहेर ढकलले जात होते. कातडी कमावणारे धारावीत आले, कारण धारावी तेव्हा शहराची वेस होती आणि शेजारी खाडी होती. चुना, मीठ, केस, चरबी सगळं तिथेच सुटायचं. ज्यांच्या अंगणापुढे हे झालं ते धारावीचे कोळी आधीपासून तिथे राहत होते आणि त्याच खाडीत मासे धरत होते. त्यांचं मासेमारीचं पाणी गेलं, हे नुकसान कोणत्याही कारखान्याच्या जमाखर्चात चढलं नाही. स्वातंत्र्यानंतर कुर्ला, साकीनाका, मरोळ हा सगळा भाग यंत्रसामान, रंग, रसायनं, मोटारींच्या कामांनी भरला. मोठ्या गिरणीला निदान एक फाटक आणि सांडपाण्याचं ठरावीक तोंड असतं, तपासणीस तिथे उभा राहू शकतो. छोट्या धंद्यांच्या गाळ्यांमध्ये तसं नसतं. तेलाची रिकामी पिंपं धुणं, भंगार वेगळं करणं, प्लॅस्टिक वितळवणं, गॅरेजमधलं ऑइल बदलणं ही कामं मोठे कारखाने बंद झाल्यावरही नदीकाठी चालूच राहिली.

आता मूळ प्रश्न, पाणी काळं का? काळेपणा बव्हंशी रंगाचा नाही. सेंद्रिय घाण पाण्यात पडली की जिवाणू ती खातात आणि त्यासाठी पाण्यात विरघळलेला प्राणवायू वापरतात. माशांना जगायला लिटरमागे साधारण 4 मिलिग्रॅम प्राणवायू लागतो. घाण जास्त झाली की तो संपतो. वर तेलाचा तवंग असेल तर हवेतला प्राणवायू खाली उतरत नाही. मग प्राणवायूवाचून जगणारे जिवाणू वाढतात. ते सल्फेटपासून सल्फाइड तयार करतात. मिठीत सल्फेटची कमतरता नाही, कारण भरतीबरोबर समुद्राचं पाणी आत चढतं. सल्फाइडचा चिखलातल्या लोहाशी संयोग होऊन काळं लोह सल्फाइड बनतं, आणि सडक्या अंड्यासारखा वास येतो तो हायड्रोजन सल्फाइडचा. म्हणजे उद्या रंगाचा थेंबही पडला नाही आणि नुसतं घरगुती सांडपाणी येत राहिलं, तरी तळाचा गाळ काळाच राहील. आज मिठीतल्या घाणीत सर्वात मोठा वाटा सांडपाण्याचाच आहे.

त्यावरून काठच्या झोपड्यांकडे बोट दाखवण्याची आपल्याला सवय आहे, ती मला पटत नाही. ज्यांच्या श्रमावर हे कारखाने चालले, त्यांना घरं कोणी दिली नाहीत आणि मलवाहिन्याही दिल्या नाहीत. शिवाय नाल्यांतून येणारं पाणी फक्त झोपड्यांचं नसतं, पक्क्या इमारतींचंही असतं.

काटकोनाचं उत्तर सोपं आहे : नदी स्वतःहून अशी वळत नाही, तिला वळवलं. सांताक्रूझचा विमानतळ वाढत गेला तशी जागा हवी झाली. पात्र सरकवलं गेलं, काही ठिकाणी ते धावपट्टीच्या आणि टॅक्सी-वेच्या खालून नेलं. काटकोनात पाण्याचा वेग मोडतो, गाळ बसतो आणि पुराचं पाणी मागे फुगतं. 26 जुलै 2005 रोजी सांताक्रूझला 24 तासांत 944 मिलिमीटर पाऊस पडला, कुलाब्याला मात्र जेमतेम 73. म्हणजे सारा पाऊस मिठीच्या खोऱ्यावर आणि आसपासच्या उपनगरांवर कोसळला. त्यात भरती आली. कुर्ला, कलिना, बैलबाजार पाण्याखाली गेले. त्यानंतर डॉ. माधव चितळे यांच्या अध्यक्षतेखाली सत्यशोधन समिती नेमली गेली, मिठीसाठी वेगळं प्राधिकरण झालं, पात्र रुंद आणि खोल करण्यात आलं आणि काठावर भिंती उभ्या राहिल्या.

पुरासाठी रुंदीकरण गरजेचं होतं. भिंतींबद्दल मात्र मी साशंक आहे. त्यांनी नदीचा काठाशी संबंध तोडला आणि पाण्याच्या गुणवत्तेत त्यामुळे काही फरक पडत नाही. खरं काम सांडपाणी अडवण्याचं आहे. बापट नाला आणि सफेद पूल नाला यांचं सांडपाणी बोगद्यातून धारावीच्या शुद्धीकरण केंद्राकडे न्यायची योजना आहे, ती योग्य दिशेची आहे. घाण थांबली आणि जुना गाळ निघाला तर काळेपणा कमी होईल, हे रसायनशास्त्र सांगतं. अडचण वेगळी आहे. धारावी मुखाजवळ आहे. तिथे शुद्ध झालेलं पाणी तिथेच खाडीत सोडलं, तर मरोळ ते कुर्ला हे पात्र जानेवारी ते मे जवळजवळ कोरडं राहील, कारण उगमाचं पाणी तर विहार-पवईला अडलेलं आहे. माझं मत विचाराल तर शुद्ध केलेल्या पाण्याचा काही भाग वर नेऊन पुन्हा नदीत सोडायला हवा, किंवा शुद्धीकरणाची छोटी केंद्रं वरच्या भागातच उभारायला हवीत. विमानतळाने घेतलेली वळणं आता परत मिळणार नाहीत, पण पाण्याचा हा हिशेब अजून ठरवता येण्यासारखा आहे.