यंत्राची सुगी कां फसते?

विद्यार्थिमित्रहो, संगणकावरील शेतीचे खेळ तुम्हांपैकीं बहुतेकांस ठाऊक आहेत. आणि तुमच्या पालकांस ते फारसे प्रिय नाहींत, हेंही आम्ही जाणून आहों. मुलानें खऱ्या मातींत हात न घालतां पडद्यावर गाजरें काढीत बसावें, यांत त्यांस काय कौतुक वाटणार? आमचेंही मत कालपरवांपर्यंत असेंच होतें. परंतु गेल्या वर्षीं संगणकाच्या तासास नववीच्या कांहीं मुलांचें असें एक शेत बिघडलें. तें दुरुस्त करतांना आमचीच एक चूक उघडकीस आली, व म्हणूनच या विषयावर चार शब्द लिहिण्याचें आम्हीं मनावर घेतलें.

खेळाचें नांव ‘द फार्मर वॉज रिप्लेस्ड’, म्हणजे शेतकऱ्याची जागा दुसऱ्यानें घेतली. २०२३ सालीं तो प्रथम लोकांपुढें आला. यांत बुद्धिबळाच्या पटासारखें घरें पाडलेलें एक शेत असतें, व त्यावर एक ड्रोन फिरतो. खेळणारानें स्वहस्तें पेरावयाचें अथवा कापावयाचें नाहीं; ड्रोननें काय करावें तें पायथनसारख्या भाषेंत अगोदर लिहून द्यावयाचें. आज्ञा मोजक्याच आहेत. ‘मूव्ह’ म्हणजे सांगितलेल्या दिशेस एक घर सरक. ‘टिल’ म्हणजे नांगर. ‘प्लँट’ म्हणजे पेर. ‘हार्वेस्ट’ म्हणजे काप. उत्तरेकडील कडेवरून ड्रोन आणखी पुढें सरकला, तर तो त्याच रांगेच्या दक्षिण टोंकास येतो. गवत आपोआप उगवतें. गाजरास मात्र नांगरलेली जमीन लागते, आणि तें पेरतांना साठ्यांतील गवत व लांकूड खर्चीं पडतें. ही शेवटची गोष्ट वाचकांनीं ध्यानांत ठेवावी.

आमच्या मुलांचें शेत सहा घरें लांब व सहा घरें रुंद, म्हणजे एकूण ३६ घरांचें होतें. त्यांचा प्रोग्राम साधा होता: काप, पेर, पुढें सरक, आणि हेंच अखंड चालूं दे. कित्येक दिवस गाजरांचा साठा वाढत गेला. या खेळांत मिळविलेलें पीक देऊन ड्रोनचा वेग वाढवितां येतो. मुलांनीं तो एकामागून एक अनेकदां वाढविला. शेतावर ड्रोन असा भिरभिरूं लागला कीं पाहणाराची नजर ठरेना. आणि त्याच सुमारास गाजरांचा साठा वाढेनासा झाला. गवत व लांकूड मात्र झपाट्यानें आटूं लागलें.

मुलांनीं दोष प्रथम संगणकास दिला, मग खेळास. आम्हीं दोष मुलांस दिला. “कोणीतरी प्रोग्रामांत हात घातला असला पाहिजे,” असें आम्हीं ठासून सांगितलें. जुनी प्रत काढून ताडून पाहिली, तों एका अक्षराचाही फेर नव्हता. आम्हांस आमचे शब्द मागें घ्यावे लागले. जो प्रोग्राम काल चालत होता तोच आज फसतो, हें कोडें कोणासही उलगडेना.

तें उलगडलें पालकसभेच्या दिवशीं. एका विद्यार्थ्याचे वडील भाताची शेती करतात. मुलानें मोठ्या हौसेनें त्यांस पडद्यासमोर बसविलें. ते थोडा वेळ निमूटपणें पाहत राहिले व म्हणाले, “सर, हे सगळं हिरवंच कापलं जातंय. आम्ही असं केलं तर दाणा भरायच्या आधींच नुसता पेंढा हातांत येईल.” आम्ही पडद्याशीं वांकून पाहूं लागलों, तों खरोखरच तसें होतें. ज्वारीचा हुरडा मुद्दाम कोवळा काढतात, तो प्रकार निराळा. या खेळांत हुरडा नाहीं. कच्च्या पिकावर ‘हार्वेस्ट’ ही आज्ञा दिली कीं पीक नाहींसें होतें, आणि पदरांत कांहींच पडत नाहीं. गाजर तर गेलेंच, शिवाय तें पेरण्यास दिलेलें गवत व लांकूडही वायां गेलें. साठा आटण्याचें कारण तें हें.

मग हें पूर्वीं कां झालें नाहीं? पूर्वीं ड्रोन मंद होता. ३६ घरांची फेरी पुरी करून तो पहिल्या घरावर परत येई तोंपर्यंत तेथील गाजर तयार झालेलें असे. प्रोग्राम लिहितांना ‘पीक तयार असेल’ असें मुलांनीं मनांत धरलें होतें, पण कागदावर तें कोठेंच लिहिलें नव्हतें. आणि जोंवर ड्रोन मंद होता तोंवर तें गृहीत खरेंही ठरत होतें. वेग वाढतांच फेरीचा काळ पीक तयार होण्याच्या काळाहून कमी झाला. त्यांतून सर्व गाजरें एकाच वेळेंत तयार होत नाहींत, कांहीं लवकर तर कांहीं उशिरां होतात. त्यामुळें नुकसानही एकदम दिसलें नाहीं. आधीं दहांतलें एखादें गाजर गेलें असेल, नंतर निम्मीं.

आतां आमची चूक सांगतों. कारण कळतांच आम्हीं उपाय सुचविला तो असा कीं, ड्रोनला थोडें थांबवावें. या खेळांत ड्रोनला कोलांटउडी मारावयास लावणारी एक गमतीची आज्ञा आहे, आणि तीस एक सेकंद लागतो. प्रत्येक फेरीच्या शेवटीं मोजक्या उड्या घालावयाच्या! गाजरें पुन्हां वाढूं लागलीं, मुलें हंसलीं, आम्हीही समाधान पावलों. पण पुढें मुलांनीं अर्ध्या शेतांत झाडें लावलीं. झाड गाजरापेक्षां सावकाश वाढतें. आणि त्याच्या चार बाजूंपैकीं जितक्या बाजूंस दुसरें झाड लागून असेल, तितक्या वेळां त्याचा वाढीचा काळ दुप्पट होतो. चारही बाजूंस झाडें असल्यास सोळापट! आतां उड्या तरी किती मारावयाच्या? झाडांच्या हिशेबानें थांबावें तर गाजरें तयार होऊन उगीच उभीं राहतात. गाजरांच्या हिशेबानें निघावें तर झाडें कोवळीं तुटतात. एरवीं वर्गांत तोंड न उघडणारा एक मुलगा तेव्हां हळूच म्हणाला, “सर, किती थांबायचं तें आपण कशाला ठरवायचं? पिकलं कीं नाहीं तें शेतालाच विचारूं या.”

तशी सोय खेळांत मुळापासून आहे. ‘कॅन हार्वेस्ट’ असें विचारलें असतां ड्रोनखालचें पीक तयार आहे कीं नाहीं याचें होय किंवा नाहीं असें उत्तर मिळतें. ‘इफ’, म्हणजे जर, हा शब्द तिच्यापुढें घातला कीं, पीक तयार असल्यास काप, नसल्यास पुढें चल, असा अर्थ होतो. मग वेग कितीही वाढवा, पीक कोणतेंही लावा, कच्चें कांहीं कापलें जात नाहीं. उड्यांचा आमचा उपाय खोडून टाकण्यांत आला. झाडें बुद्धिबळाच्या काळ्या घरांप्रमाणें एक सोडून एक लावलीं, म्हणजे त्यांची वाढही खुंटेनाशी झाली.

तथापि येथें एक खांच आहे. पहिल्या दिवशीं मुलांनीं ‘काप’ आणि ‘पेर’ या दोन्ही आज्ञा त्या ‘जर’च्या पोटांत घातल्या. रिकाम्या जमिनीविषयीं विचारलें तर उत्तर ‘नाहीं’ असेंच येणार. तेव्हां जें घर एकदां रिकामें राहिलें तें कायमचें रिकामें राहिलें. पेरण्याची आज्ञा ‘जर’च्या बाहेर ठेवावी. गाजर उभें असतां पुन्हां पेरावयास सांगितलें, तर ती आज्ञा निष्फळ होते इतकेंच. उभें पीक बिघडत नाहीं. ‘टिल’चें मात्र तसें नाहीं. नांगरलेल्या जमिनीवर ती आज्ञा पुन्हां दिल्यास जमीन परत गवताळ होते, आणि गवताळ जमिनींत गाजर रुजत नाहीं. प्रोग्राम बंद करून पुन्हां सुरूं केला कीं गाजरें येत नाहींत अशी तक्रार असेल, तर प्रथम हेंच पाहावें. नांगरण्यापूर्वीं जमीन कोणत्या प्रकारची आहे तें विचारण्याचीही सोय आहे.

दोष शोधतांना शेताकडे डोळे उघडे ठेवून पाहावें, असें आम्ही मुलांस वारंवार सांगतों. कारण पिकाचें रूपच पुष्कळदां दोष सांगतें. एका गटाच्या शेतांत एका कोपऱ्यापासून समोरच्या कोपऱ्यापर्यंत तिरपी अशी सहा झुडपें नेहमीं उभीं राहत, बाकी शेत साफ. तीं सहा झुडपें फेरीगणिक तींच. मुलांनीं प्रत्येक स्तंभांत सहा घरांऐवजीं पांचच घरें मोजलीं होतीं. पांच घरें कापून ड्रोन सहाव्यावर येई, व तें न कापतांच शेजारच्या स्तंभांत सरके. तेथें पुन्हां पांच, पुन्हां सहावें सोडून. प्रत्येक स्तंभांत सुटलेलें घर एकेक पायरी खालीं येई व त्यांची तिरपी रेघ बने. वाचकांनीं सहा बाय सहाचा चौकोन काढून पेन्सिलीनें हें करून पाहावें. पडद्यावर पाहण्यापेक्षां तें अधिक लवकर पटेल. शेताची लांबी विचारणारी आज्ञा वापरली, म्हणजे आंकडा हातानें लिहावाच लागत नाहीं.

सर्वांत अधिक दिवस खाल्ले ते भोपळ्यानें. तयार भोपळ्यांचें घर घराशीं जुळून भरगच्च चौकोन झाला कीं त्यांचा मिळून एक मोठा भोपळा होतो, आणि त्याचें मोल फार: दोन बाय दोनच्या चौकोनास ८, तीन बाय तीनला २७, आणि सहा बाय सहाला २१६. अर्थात् सर्व ३६ तयार झाल्याखेरीज एकही कापावयाचा नाहीं. तेव्हां मुलांनीं ‘इफ’ काढून ‘व्हाइल’ घातलें: जोंवर तयार नाहीं तोंवर येथेंच वाट पाहा. ड्रोन चार घरें गेला आणि पांचव्यावर खिळला. तासाची घंटा झाली तरी तो तेथेंच. कारण असें कीं, दर पांच भोपळ्यांमागें सुमारें एक भोपळा तयार होण्याऐवजीं मरतो. मेलेल्याविषयीं ‘कॅन हार्वेस्ट’ विचारलें तर उत्तर सदैव ‘नाहीं’. कच्च्यासही ‘नाहीं’, मेलेल्यासही ‘नाहीं’. ड्रोननें त्यांतला फरक कसा ओळखावा? उतावळेपणानें कापणें जसें वाईट तसें हें वाट पाहणेंही वाईट ठरलें.

ज्यानें पूर्वीं ‘शेतालाच विचारूं या’ म्हटलें होतें, तोच मुलगा या वेळीं शाळा सुटल्यावरही बसून राहिला. त्यानें थांबणें काढून टाकलें. ड्रोननें शेतभर फिरावें, तयार भोपळे मोजावे, जेथें ‘नाहीं’ असें उत्तर येईल तेथें पेरण्याची आज्ञा देऊन पुढें जावें. खालचा भोपळा कच्चा असल्यास ती आज्ञा निष्फळ. मेलेला असल्यास त्याच्या जागीं नवा रुजतो, व मेलेला वेगळा काढावा लागत नाहीं. एका फेरींत मोजणी पुरी ३६ भरली तरच कापावें. पाहणारांस समजावें म्हणून प्रत्येक फेरीचा आंकडा ड्रोनच्या डोक्यावर धुरानें उमटेल अशी व्यवस्थाही त्यानें केली. २७, ३३, पुन्हां ३३, ३५ असे आंकडे उमटत गेले, आणि शेवटीं शेत व्यापून टाकणारा एकच भोपळा उभा राहिला.

दुसऱ्या दिवशीं तोच मुलगा पुन्हां तक्रार घेऊन आला. सगळें शेत रिकामें पडलें होतें. ड्रोन फिरत होता, पण एकही भोपळा रुजत नव्हता. या वेळीं आम्हीं कोणास दोष दिला नाहीं. साठ्याचे आंकडे आधीं पाहिले. भोपळा पेरावयास गाजरें लागतात, आणि गाजरांच्या खान्यांत शून्य होतें.