कागद झाला का?

नारायणगाव, ता. जुन्नर

चि. बापू यास,


परवा मंचरच्या बाजारात तुमच्या भावकीतलं एक माणूस भेटलं. म्हणालं, "भाच्यानं बहिणीच्या लग्नाला आचारी नामी धरलाय हो, पण त्याच तिथीची आणखी दोन लग्नं घेतलीत म्हणे त्यानं. एक घोडेगावला, एक आळेफाट्याला." घरी येऊन अक्काला फोन लावला, तर दीड लाख इसार पोचतासुद्धा झालाय. 50 हजार रोख आणि लाख रुपये त्याच्या मेहुण्याच्या नंबरवर. पावतीचं विचारलं तर म्हणते, बापूला ठाऊक. बापू फोन उचलत नाही. तेव्हा दुसऱ्या पाळीवरून आलास की हे पत्र वाच आणि आधी एवढंच सांग, कागद झाला का?

ऐकीव गोष्ट खरीच असेल असं मी म्हणत नाही. चांगला हात असलेल्या माणसाबद्दल बाजारात काहीही उठतं. पण यंदा ज्येष्ठ अधिक आलाय. 17 मेपासून 15 जूनपर्यंत मांडव पडणार नाहीत, म्हणून वैशाखात लग्नांची ही गर्दी. अशा दाट तिथीला आचारी तेवढेच, वाढपी तेवढेच, चपात्या लाटणाऱ्या बायासुद्धा त्याच. मग एकजण तीन घरचा इसार घेतो, मोठ्या घरी स्वतः उभा राहतो आणि बाकीच्या दोन घरी हाताखालची पोरं धाडतो. त्यात लबाडी असतेच असं नाही, कुणाला नाही म्हणायचं त्याच्या जिवावर येतं. पण आपण त्यातलं कितवं घर, हे तुला माहीत आहे का?

साखरपुड्याआधी आपण याद केली. शालू कुणी, नवरदेवाचा पोशाख कुणी, मांडव कुणाचा, जेवण कुणाकडं, सगळं तूच तर सुवाच्य अक्षरात लिहिलंस. दोन्हीकडच्या पाच-पाच जणांच्या सह्या झाल्या. 10 हजारांच्या पोशाखाला दहा सह्या आणि 3 लाखांच्या जेवणाला एकही नाही? दाजी असते तर तुला दारात उभं केलं नसतं.

इथं तमाशाच्या राहुट्या लागल्या आहेत. विठाबाईंच्या या गावात पाडव्याच्या सुमाराला गावोगावच्या जत्रा कमिट्या तमाशाची सुपारी द्यायला येतात, हे तू लहानपणी माझ्या सायकलवर बसून पाहिलंयस. आमच्या कमिटीकडून मीही बसलोय त्या राहुटीत. रात्र कोणती, गाव कोणतं, ठरले किती, आज दिले किती, बाकी कधी, हे लिहिल्याशिवाय फडाचा मॅनेजर चहासुद्धा सांगायचा नाही. परक्या गावात, अपरात्री, सगळा फड पाठीशी घेऊन बाकी मागायची वेळ त्याच्यावर यायची ना. 2020 साली पाडवा आणि टाळेबंदी एकाच दिवशी आली, 25 मार्चला. आमची सुपारी दिलेली होती आणि फडाने ती खर्चलेलीही होती. कागदात एक ओळ होती, जत्रा न भरल्यास रक्कम पुढच्या वर्षी धरावी. पुढचं वर्षही तसंच गेलं. 2021 च्या एप्रिलात तर 25 माणसांत आणि दोन तासांत लग्न उरकायचा हुकूम होता. पण त्या एका ओळीमुळे कुणी कुणाच्या दारात शिव्या द्यायला गेलं नाही.

तेव्हा आता तरी बस आणि लिही. तारीख, अक्षतांची वेळ, जेवणाची वेळ. गोरजचा मुहूर्त आहे आणि बिबट्याच्या भीतीनं लोक लवकर घर गाठतात, म्हणून पहिली पंगत किती वाजता ते नक्की घाल. त्या दिवशी आचारी स्वतः हजर राहणार, हेही घाल. पानं बाराशे, भाव 250. पक्का आकडा किती दिवस आधी सांगायचा आणि वर किती पानांची तयारी तो ठेवणार, हे ठरव. ताटं दोघांच्या माणसांनी मिळून मोजायची. गॅस, पाण्याचा टँकर, भांडी, वाढपी कुणाचे, उरलेलं अन्न कुणाचं, तेही. आणि मासवडी दर पानाला किती, ते विसरू नकोस. ती बेसन घाटून, तीळ-खोबऱ्याचं सारण भरून वळायची वस्तू. आयत्या वेळी रश्शात पाणी वाढवता येतं, वड्या वाढवता येत नाहीत. अन्नसुरक्षेचा 14 आकडी नंबर असतो, तो त्याच्याकडून लिहून घे.

निम्मे पैसे तू आधीच देऊन बसलास, ते जास्तच झाले. इसार द्यावाच लागतो, त्याला किराणा भरायचा असतो, माणसांना उचल द्यायची असते. पण आता पुढचा हप्ता किराण्याच्या वेळी आणि शेवटचा पंगती उठल्यावर, असं बांधून घे. बाकीचे दीड लाख तो रोख मागेल. देऊ नकोस. आधीचे 50 हजार धरले की दोन लाख होतात, आणि एका कार्यासाठी एकाकडून दोन लाख किंवा त्याहून जास्त रोख घ्यायला 2017 पासून बंदी आहे. दंड घेणाऱ्याला बसतो, हे त्यालाच सांग, तो आपणहून खात्याचा नंबर देईल. मेहुण्याकडे गेलेल्या लाखाची पावती मात्र आचाऱ्याच्या सहीची हवी.

दोन्ही बाजूंचं मोडणंही लिही. आपल्या घरी सुतक आलं, अवकाळीनं मांडव पडला तर काय, आणि तोच आला नाही तर काय. आला नाही तर इसार परत आणि दुसरा आचारी महाग पडला तर वरचा फरक त्याच्याकडून. 'दिलेली रक्कम परत मिळणार नाही' असं पावतीवर छापलेलं असेल तर घाबरू नकोस. 1872 च्या करार कायद्यात वाजवी भरपाईचीच गोष्ट आहे, सगळं गिळायची नाही. मुद्रांक घेणार असशील तर 500 चा घे, 2024 पासून शंभराचा चालत नाही. वेळ आलीच तर पुण्याला जिल्हा ग्राहक आयोग आहे, दोन वर्षांच्या आत जाता येतं, 5 लाखांपर्यंत फीही नाही. पण तुझ्या बहिणीच्या, चिमीच्या हळदीच्या दिवशी आयोग चूल पेटवायला येणार नाही. म्हणून विचारतो, कागद झाला का?

अक्काच्या लग्नातल्या दुसऱ्या पंगतीची गोष्ट घरात कुणी काढत नाही. तू अर्धीमुर्धी ऐकली असशील. आचारी ओतूरकडचा होता, सगळा तोंडी व्यवहार. अन्न संपलं, पाहुणे पाटावर बसलेले, आणि आमच्या आबांनी भर मांडवात त्याला वाटेल ते बोलून निम्मी मजुरी कापली. बापू, मी तेव्हा तुझ्यापेक्षा लहान होतो आणि वेशीवर पाहुण्यांना सामोरा उभा होतो. वऱ्हाडाच्या दोन ट्रॉल्या जास्त आल्या, त्या मी माझ्या डोळ्यांनी पाहिल्या. त्या माणसाचा काही दोष नव्हता. आबांपुढे जीभ उचलली नाही माझी. त्याची बायको भांडी घासत होती, तिनं ती तशीच टाकली आणि दोघं रात्रीच चालत निघाली. पुढं गटसचिव झालो, गावाच्या सोसायटीचे सगळे कागद माझ्या हाताखालून गेले, पण त्या माणसाचे पैसे द्यायचे राहिले ते राहिलेच.

म्हणून सांगतो, कागदात तुझ्या आचाऱ्याचीही बाजू लिही. आपल्याकडची पानं वाढली तर वाढल्या पानांचे पैसे, तोंड वाकडं न करता, तिथल्या तिथं द्यायचे. ऐकलेल्या गोष्टीवरून त्याला चारचौघांत बोलू नकोस. आधी बाजूला घेऊन त्या तिथीचं विचार. दुसरी दोन लग्नं खरंच असतील तर कोण कुठं उभा राहणार ते त्याच्याच तोंडून काढ. अजून दिवस आहेत. सोडायची वेळ आली तर आताच सोडलेला बरा.

लिहिता लिहिता जरा जास्तच बोललो. दाजी गेल्यापासून तू रात्रपाळ्या करतोस, अक्काचं औषध बघतोस आणि बहिणीचं लग्न एकट्यानं ओढतोयस. एकटा गेलेला तरणा पोरगा आचाऱ्यापुढं कागद काढायला लाजतो, हे मला कळतं. रविवारी मी येतो. बोलणं तूच कर, मी नुसता बाजूला बसेन. म्हातारं माणूस सोबत असलं की कागद मागणं वावगं दिसत नाही. पैसे कमी पडत असतील तर अक्काला कळू न देता मला सांग. टोमॅटोची पट्टी आली आहे, ती तशीच ठेवली आहे.

लग्नाच्या दिवशी ताटं मोजायला मी आपला माणूस ठेवतो. तू त्यात अडकू नकोस. मी चिमीच्या मागं उभा असेन आणि कानपिळीला तू हसत पुढं यायला हवास. आणि कागदात शेवटचं कलम माझ्याकडून घाल. मुलीच्या आईला सगळ्यात शेवटी, उरलंसुरलं वाढतात. अक्काला पहिल्या पंगतीला बसवायचं, गरम मासवडी वाढायची आणि तिच्या शेजारचं पान तुझं. या कलमाला आचाऱ्याची सही नसली तरी चालेल.

तुझा
मामा