पंजाब का बेटा

म्हसा यात्रेत जनावर घेणारा आमचा मुरबाडकर आधी दात बघतो, मग खूर, मग चाल. चित्रपटातल्या घोड्याची परीक्षा निराळी. दिव्यांचा झोत, गर्दी, आरडाओरडा यांत त्याने बिथरता कामा नये आणि कॅमेऱ्याच्या कक्षेबाहेरून शिक्षकाने केलेली खूण ओळखावी. ती खूण आपल्याला दिसत नाही, म्हणून घोडा शहाणा भासतो.

अमेरिकेत रॉय रॉजर्सचा 'ट्रिगर' असाच ग्लेन रँडल यांनी तयार केला. १९६५ साली तो मेल्यावर त्याचे कातडे साच्यावर चढवून जतन केले गेले आणि २०१० च्या लिलावात ते २,६६,५०० डॉलरला गेले!

ट्रिगर पडद्यावर आला १९३८ साली. त्याआधी, १९३५ मध्ये, मुंबईच्या वाडिया मूव्हीटोनचा 'हंटरवाली' झळकला होता. होमी वाडियांच्या या नायिकेच्या, नादियाच्या, स्टंटपटांतून 'पंजाब का बेटा' हा घोडा नावानिशी गाजला. जोडीला 'रोल्स रॉइस की बेटी' ही मोटार. (ती रोल्स रॉइस नव्हती, हे सांगणे नलगे.)

आपले अभ्यासक 'संत तुकारामा'वर पाने लिहितात, स्टंटपटाला दोन ओळी देतात. मला हे पटत नाही. नादिया पेशावरला घोडेस्वारी शिकली होती, पुढे सर्कशीत राबली होती. बदली स्वार असला की कॅमेऱ्याला दूर राहावे लागते. येथे तो जवळ येई आणि घोडा व स्वार दोघांचे चेहरे एकाच चौकटीत दाखवू शके.