‘प्यानेल शेष’ म्हणतात तेव्हा

कोलकात्यात एस्प्लनेडहून चांदनी मार्केटच्या गल्ल्यांत शिरलात की टीव्हीचे सुटे बोर्ड, एलईडी पट्ट्या, रिमोट यांचीच दुकानं. त्यातल्या एका दुकानदाराने माझ्या टीव्हीच्या तपासणीचे पैसे आधी खिशात घातले आणि मागचं झाकणही न उघडता निकाल दिला, ‘दादा, प्यानेल शेष!’ म्हणजे पॅनेल संपलं.

आवाज खणखणीत, पडद्यामागचा उजेड शाबूत, फक्त चित्र नाही. मी म्हटलं, टी-कॉन, म्हणजे पॅनेलला चित्र पुरवणारा बोर्ड, बघा. तो शेजारच्याकडे बघून हसला. वर, ‘सेट इथेच ठेवा, भंगाराचा भाव देतो.’ मेलेल्या पॅनेलवर एवढं प्रेम? मनात पाल चुकचुकली आणि सेट उचलला.

मदन स्ट्रीटकडच्या एका मेकॅनिकने टी-कॉनवरच्या फ्यूजच्या एका टोकाला मीटर लावला: 12 व्होल्ट. दुसऱ्या टोकाला शून्य. तिळाएवढा फ्यूज! तो उगाच उडत नाही म्हणून त्याने पुढचा शॉर्ट झालेला कपॅसिटरही शोधला. दोन्ही बदलले, चित्र हजर. चालू सेटचा व्हिडिओ पहिल्याला दाखवला, तर म्हणतो, ‘मैंने तो शायद बोला था.’ शायद! भंगाराचा भाव सांगताना कुठे होता हा शायद?

असो. पडदा काळा असेल तर अंधारात टॉर्च मारून पाहा. फिकट चित्र दिसलं तर दोष बॅकलाइटचा. टी-कॉन विकणाऱ्याला नमस्कार करा. चित्र बिघडलं असेल तर प्लग काढून, पॅनेलकडे जाणारी एकेक रिबन सोडवून सेट चालू करायला सांगा. एक बाजू सोडल्यावर दुसरीकडे नीट चित्र आलं, तर घोळ बहुधा सोडलेल्या बाजूच्या पॅनेलमध्ये. एखादीच बारीक उभी रेघ मात्र बोर्ड बदलून सहसा जात नाही, कुणी कितीही शपथा घेवोत. स्वतः पॉवर सप्लायला हात लावू नका, प्लग काढल्यावरही त्यात चार्ज राहतो. पावती घ्या, हे वेगळं सांगायला नको.

आणि बोर्ड टीव्हीच्या मॉडेलवरून मागू नका. एकाच मॉडेलमध्ये वेगवेगळी पॅनेलं बसवलेली असतात. बोर्डावरचा आणि पॅनेलवरचा नंबर जुळवा, जुन्या बोर्डाचा फोटो काढून ठेवा. सेकंडहँड बोर्ड असेल तर तिथेच लावून, चित्र पाहूनच पैसे मोजा. ‘घरी लावा, चालेल’ म्हणणाऱ्याच्या दुकानातून आधी आपण चालू लागावं.